नाटकात नाचणाऱ्या मुलीला पुढे नृत्यदिग्दर्शक किंवा शिक्षिका होता येतं का?

ताई, नागपुरात नाटकांत नाचणाऱ्या तुमच्या लेकीचं तिशीनंतर काय, असं विचारलंत. होता येतं, पण नाचणं आणि नाच बसवणं ही दोन वेगळी कामं आहेत.

अमेरिकेचा प्रसिद्ध नृत्यदिग्दर्शक बॉब फॉसी आधी नर्तकच होता. १९५४ साली त्याने ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीवर, पहिल्यांदा एका संगीतिकेची नृत्यं बसवली आणि त्याच कामासाठी त्याला टोनी हा तिथला मानाचा नाट्यपुरस्कार मिळाला. झुकलेले खांदे, आत वळलेले गुडघे, म्हणजे स्वतःच्या शरीराच्या मर्यादा, त्याने शैली म्हणून वापरल्या. मला हे फार मोलाचं वाटतं. तिने आपलं शरीर असंच ओळखावं.

आत्ताच तालमीत नृत्यदिग्दर्शकाच्या मदतनीसाचं काम मागून घ्यावं. मोजणी, जागा, प्रवेश-निर्गम वहीत टिपावेत. दुसऱ्याच्या अंगात नाच उतरवायची सवय तिथेच लागते. दिवाळीनंतर झाडीपट्टीचा, म्हणजे पूर्व विदर्भातल्या गावोगावच्या नाटकांचा, हंगाम सुरू होतो. गडचिरोली जिल्ह्यातल्या वडशाकडे जाऊन रात्रभर चालणारे प्रयोग तिने जरूर पाहावेत; प्रेक्षक कुठे सरसावून बसतात ते कळेल.

शिकवण्यासाठी कथ्थक किंवा भरतनाट्यमच्या परीक्षा देऊन ठेवाव्यात, शाळांत प्रमाणपत्र विचारतात. आणि गुडघे आजपासून जपायला सांगा.