बायकांच्या लेखनाचे वेगळे संग्रह कशाला?

प्रश्न : एम.ए.ला अमेरिकन लिटरेचर घेतलंय. कवयित्री एमिली डिकिन्सन सिलॅबसमधे आहेच, मग बायकांच्या वेगळ्या अँथॉलॉजी (निवडक लेखनाचे संग्रह) कशासाठी? आणि सुरुवात कुठून करू?

उत्तर : अगं, एकटी डिकिन्सन आली म्हणून बाकीच्या आपोआप येत नाहीत ना! शार्लट पर्किन्स गिलमनची 'द यलो वॉलपेपर' घे, १८९२ची कथा, बाळंतपणानंतर खचलेल्या बाईला तिचा डॉक्टर नवराच विश्रांतीच्या नावाखाली खोलीत ठेवतो, लिहूसुद्धा देत नाही, आणि ती भिंतीवरच्या कागदात अडकलेली बाई बघायला लागते. १९७३मधे न्यूयॉर्कच्या फेमिनिस्ट प्रेस या प्रकाशनसंस्थेने ती पुन्हा छापली, तेव्हा कुठे ती वर्गावर्गात पोचली. कृष्णवर्णीय अमेरिकन कादंबरीकार झोरा नील हर्स्टनकडे तर १९७५मधे लेखिका अ‍ॅलिस वॉकरने लेख लिहून लोकांचं लक्ष परत वळवलं. संग्रहात नाव नाही म्हणजे सिलॅबसमधे नाही, आणि मग पुढची पिढी वाचतच नाही, असं ते चक्र आहे.

गिल्बर्ट आणि गुबार या समीक्षकांनी संपादित केलेली, बायकांच्या लेखनाची १९८५ची नॉर्टन अँथॉलॉजी लायब्ररीत मिळाली तर बघ, पण त्यात फक्त अमेरिकन नाहीत, इंग्रजीत लिहिणाऱ्या इतर देशांतल्या बायकाही आहेत. खास अमेरिकेसाठी समीक्षक इलेन शोवॉल्टरचं 'अ ज्युरी ऑफ हर पिअर्स' (२००९) हे पुस्तक घे, त्यात सतराव्या शतकातल्या कवयित्री अ‍ॅन ब्रॅडस्ट्रीटपासून सलग इतिहास आहे, मला स्वतःला हे जास्त आवडतं. आणि हो, त्याच फेमिनिस्ट प्रेसने १९९१मधे सुझी थारू आणि के. ललिता यांनी संपादित केलेला 'विमेन रायटिंग इन इंडिया' हा संग्रह काढला, त्यात 'स्त्रीपुरुष तुलना' लिहिणाऱ्या आपल्या ताराबाई शिंदे आहेत, तो पण नक्की वाच.