माल उतरवायला स्वतःची माणसं ठेवली तर माथाडी युनियन कोर्टात खेचू शकते का?

प्रश्नात तुम्ही लिहिलंय, 'गोदाम माझं, माल माझा, मग हमाल युनियन म्हणेल तेच का घ्यायचे?' हेच वाक्य मी सहा वर्षं माझ्या भागीदाराच्या तोंडून ऐकलंय, म्हणून लिहायला बसलो.

वडील जावळीचे, मुंबईत दाणाबंदरच्या धान्यबाजारात माथाडी, म्हणजे ओझी वाहणारे हमाल. मार्केट वाशीला आलं तसे तेही आले. शंभर किलोच्या गोण्या वाहून मानेवर लिंबाएवढा घट्टा झालेला, शर्टाची कॉलर कधी धड बसली नाही. मी मात्र शेठ झालो! तुर्भ्यात टाइल्सचं गोदाम, निम्मी भागीदारी.

भागीदाराने ठेकेदाराकडून सहा पोरं आणली, पेटीमागे रेट ठरवून. पहिल्याच पावसाळ्यात माथाडींची टोळी गेटवर आली. मुकादम वयस्कर माणूस, शांतपणे म्हणाला, "शेठ, माथाडी बोर्डात नोंदणी करून घ्या." भागीदार म्हणाला, "हप्ता मागायला आलात का?" झालं. तक्रार गेली, बोर्डाचा निरीक्षक आला, नोटीस आली.

आमच्या वकिलाने लेखी दिलं की ही आमची कायम माणसं आहेत. निरीक्षकाने हजेरीपट मागितला. पीएफचं चलन मागितलं. आमच्याकडे निघाला तो व्हाउचरांचा गठ्ठा, अंगठे उठवलेला. त्यातच एक होतं, 'औषधपाणी, रु. १५००'. एका पोराच्या पायावर पेटी पडून दोन बोटं मोडली होती, त्याला तेवढे देऊन गाडीत बसवलं होतं. त्या व्हाउचरवर सही माझी होती. वडिलांना हे घरी कळलं तेव्हा ते काही बोलले नाहीत, ताटावरून उठले.

तुमच्या प्रश्नाचं उत्तर असं, की युनियन तक्रार करते, पण गाठ पडते ती बोर्डाशी. १९६९ चा माथाडी कायदा आहे. बोर्डावर मालक, कामगार आणि सरकार तिघांचीही माणसं असतात. मजुरी आणि तिच्यावर टक्केवारीने लेव्ही, म्हणजे मालकाने द्यायची जादा रक्कम, बोर्डात भरायची, त्यातून कामगाराचा पीएफ, ग्रॅच्युइटी, बोनस, दवाखाना चालतो. थकवलीत तर जमीन महसुलासारखी वसुली होते. योजना आपल्याला लागूच नाही असं म्हणणं असेल तर तो वाद राज्य सरकारकडे जातो. 'असंरक्षित कामगार' म्हणजे नेमका कोण, मालकाच्या पगारावरचा माणूस त्यात येतो का, यावर मुंबई हायकोर्टात वर्षानुवर्षं भांडणं झालीत. तिथे लढायचं तर आधी कागद हवेत. आमच्याकडे अंगठे होते.

भागीदाराचं अजूनही म्हणणं आहे की माथाडी म्हणजे खंडणी. तो हे वाचत असेल तर त्याला सांगतो, दोन वर्षांच्या तारखा, वकिलाची फी आणि शेवटी भरलेली थकीत लेव्ही यांची बेरीज तूच करून बघ. पहिल्या दिवशी नोंदणी केली असती तर निम्म्यात भागलं असतं. आणि ठेकेदार जे कापून घेत होता ती खंडणी नव्हती का?

आता खरं तेही सांगायला हवं. खंडणीवाले आहेतच. माल क्रेनने उतरतो आणि हे गेटवर उभे राहून वाराई, म्हणजे माल उतरवल्याची मजुरी, मागतात, गाडी अडवतात. चाकण, भिवंडीकडे कुणालाही विचारा. अण्णासाहेब पाटलांनी उभी केलेली माथाडी चळवळ या लोकांनी नासवली. पण ओळखायला सोपं आहे. बोर्डाचं ओळखपत्र आणि टोळीचा नोंदणी क्रमांक मागा. रोख हातात मागणाऱ्याला देऊ नका, सरळ पोलिसात लेखी द्या.

तुमची माणसं खरोखर पगारावर असतील, पीएफ वगैरे सगळं भरत असाल, तर सूट मागायची तरतूद कायद्यात आहे; माथाडीपेक्षा कमी लाभ मिळत नाहीत हे मात्र दाखवावं लागतं. लेव्हीचा दर बोर्डागणिक वेगळा असतो आणि तुमचा धंदा कायद्याच्या अनुसूचीत, म्हणजे कायदा लागू असलेल्या कामांच्या यादीत, बसतो की नाही हेही बघावं लागेल, तेव्हा माझ्या भरवशावर राहू नका, कामगार कायद्याचा वकील गाठा. आमचा सोडून कुठलाही चालेल.