आई अशीच असते का?

चि. सई,

रविवारी आजीबरोबर ‘मोलकरीण’ सिनेमा बघताना तू मध्येच उठलीस आणि जाता जाता म्हणालीस, “मराठी आई अशीच असते का? सगळं सोसायचं आणि रडायचं? मीही तशीच व्हावं असं वाटतं का तुला?” आजी गप्प राहिली, मीही. पण प्रश्न मनाला लागला. बोलायला गेले असते तर आवाज चढला असता, म्हणून लिहितेय.

त्यात आई झालेल्या सुलोचनाबाईंचं नाव आमच्या डोंबिवलीच्या घरात शेजारच्या बिऱ्हाडातल्या कुणाचं घ्यावं तसं घेतलं जायचं. शनिवारी संध्याकाळी दूरदर्शनवर मराठी सिनेमा असायचा. मोठी आजी तांदूळ निवडायचं काम मुद्दाम त्या वेळेसाठी ठेवायची. मांडीवर ताट, नाकावर दोऱ्याने बांधलेला चष्मा. सुलोचनाबाई दिसल्या की तिची बोटं चालू राहायची, पण तेच दाणे इकडून तिकडे. मग चष्मा वर सरकवून पदराने डोळे पुसायची. “अगं, सिनेमा आहे तो,” नाना म्हणायचे. ती उत्तर द्यायची नाही.

तिचा धाकटा भाऊ गेला तेव्हा मी तुझ्याएवढी असेन. घर माणसांनी भरलं होतं. तिने सगळ्यांना चहा केला, कपबशा विसळल्या, डोळ्यांतून टिपूस काढलं नाही. नंतर एका शनिवारी ‘मोलकरीण’मधलं ‘देव जरी मज कधी भेटला’ हे गाणं लागलं आणि ती ताट खाली ठेवून हमसून हमसून रडली. नानाही त्या दिवशी काही बोलले नाहीत. मला वाटतं, घरात तिला रडायला तेवढीच जागा होती.

पण सई, तू म्हणतेस तेही खोटं नाही. त्याच चेहऱ्याच्या मापाने घरोघरच्या सुना मोजल्या गेल्या. आजी बँकेत लागली तेव्हा, “बाई कशी हवी, सुलोचनासारखी, सोशिक,” हे तिने बेबीआत्याच्या सासरकडच्यांकडून किती वेळा ऐकलं! ती ऐकून घ्यायची आणि सकाळची लोकल पकडायची.

खरं तर सुलोचनाबाईही कामावरच जात होत्या. चिकोडीजवळच्या खडकलाट गावात जन्म, १९२८ चा. शाळा फारशी नाही. कोल्हापूरला दिग्दर्शक भालजी पेंढारकरांच्या हाताखाली त्या घडल्या. ‘वहिनींच्या बांगड्या’ १९५३ चा, ‘मोलकरीण’ १९६३ चा, म्हणजे तू पाहिलेली ती थकलेली आई तेव्हा पस्तिशीची होती. मुलाचं काम करणारे रमेश देव साधारण त्यांच्याच वयाचे! पुढे ‘जॉनी मेरा नाम’मध्ये त्या देव आनंदच्या आई झाल्या, तो तर त्यांच्याहून पाच वर्षांनी मोठा. चाळिशीच्या आत-बाहेरच्या बाईला सगळ्यांची आई करून टाकलं, याचा मला आता रागही येतो. नायिका म्हणून त्यांना आणखी काही वर्षं मिळायला हवी होती. तरी त्या काम करत राहिल्या, मराठी-हिंदी मिळून शेकडो सिनेमे. पद्मश्री मिळाली १९९९ ला, महाराष्ट्र भूषण २००९ ला. २०२३ च्या जूनमध्ये त्या गेल्या त्या रात्री आजीचा फोन आला होता, आठवतं? तू विचारलं होतंस, आपल्या कोण लागतात? मी नुसतं “कोणी नाही” म्हटलं.

तू सोसत राहावंस असं मला वाटत नाही, अजिबात नाही. मी स्वतःही तशी नाही, हे तुझ्या बाबाला विचार. पण त्या रडण्याला कुणी हसलं की माझ्या पोटात कालवतं, तेही तितकंच खरं. या दोन्ही गोष्टी माझ्यात एकत्र कशा नांदतात, ते मला नीट सांगता येत नाही.

कधी वाटलं तर ‘मराठा तितुका मेळवावा’ बघ. १९६४ चा, भालजींचाच. त्यात त्या जिजाबाई आहेत. तोच चेहरा, तोच डोक्यावरचा पदर, पण नजर बघ कशी आहे ती. कंटाळा आला तर बंद कर, मी काही म्हणणार नाही. मोठ्या आजीबद्दल मात्र आजीला विचार. महिनाअखेरीला ती परत जाईल, आणि तिच्याकडे माझ्याहून खूप जास्त आहे सांगण्यासारखं. बँकेच्या पहिल्या पगाराच्या दिवशी मोठी आजी तिला काय म्हणाली, ते मलाही तिने अजून पूर्ण सांगितलेलं नाही.

– आई