ब्रसेल्सला येण्याआधी: बातम्या कोणाच्या ऐकायच्या?

तुमच्या यजमानांची नेमणूक ब्रसेल्सला होत आहे, मुले आठ आणि अकरा वर्षांची आहेत, आणि घर शहरात घ्यावे की जवळच्या डच भाषिक ल्यूवेन शहरात, हे अजून ठरलेले नाही, असे तुम्ही लिहिले आहे. त्याचबरोबर दोन प्रश्न विचारले आहेत: बेल्जियमची राष्ट्रीय वाहिनी कोणती, आणि पहिली काही वर्षे इंग्रजी बातम्यांवर भागेल का. घराबद्दल तुम्हाला अनेकजण सांगतील, म्हणून मी या दोन प्रश्नांवरच सविस्तर लिहिते. माझ्या मते घर कुठे घ्यायचे, हा निर्णयसुद्धा शेवटी याच प्रश्नांशी येऊन भिडतो.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर असे की, तुम्हाला अपेक्षित आहे तशी राष्ट्रीय वाहिनी बेल्जियममध्ये नाही. 1930 साली येथे एकच सरकारी नभोवाणी सुरू झाली होती. 1960 मध्ये तिचे डच आणि फ्रेंच असे दोन भाग झाले आणि 1977 पर्यंत ते पूर्णपणे वेगळे झाले. आज डच भाषिकांसाठी व्हीआरटी, फ्रेंच भाषिकांसाठी आरटीबीएफ आणि पूर्वेकडील लहानशा जर्मन भाषिक भागासाठी ऑयपेन येथील बीआरएफ अशा तीन स्वतंत्र संस्था आहेत. पहिल्या दोन संस्था ब्रसेल्सच्या स्कारबेक भागातील रेयर्स बुलेव्हारवर, एकमेकींना लागून असलेल्या इमारतींत कित्येक दशके नांदत आल्या, परंतु त्यांचे बातमीदार, संपादक, अर्थसंकल्प आणि प्रेक्षक सगळेच वेगळे राहिले. 1970 पासून राज्यघटनेत ज्या सुधारणा होत गेल्या, त्यांत संस्कृती आणि तिच्यासोबत प्रसारण हा विषय भाषिक समुदायांकडे सोपवण्यात आला. त्यामुळे संपूर्ण देशासाठी एक माहिती व प्रसारण मंत्री, असा प्रकार येथे नाही. नियामक संस्थाही प्रत्येक समुदायाची स्वतंत्र आहे. युरोव्हिजन गायन स्पर्धेत देश एकच असल्यामुळे प्रवेशिका एकच पाठवता येते, म्हणून एका वर्षी व्हीआरटी आणि दुसऱ्या वर्षी आरटीबीएफ गायक निवडते.

आपल्याकडे मराठी घरात सह्याद्री वाहिनी लागते, तशी हिंदी आणि इंग्रजी वृत्तवाहिनीही लागते. पुण्यातला आणि पाटण्यातला माणूस निदान काही बातम्या एकाच ठिकाणाहून ऐकतात. हा वरचा सामाईक थर येथे जवळजवळ नाही. वृत्तपत्रांचेही तसेच आहे: डे स्टँडार्ड, डे मॉर्गन आणि हेट लात्स्ते न्यूस डच भाषिक उत्तरेकडे, म्हणजे फ्लांडर्समध्ये वाचली जातात, ल स्वार आणि ला लिब्र फ्रेंच भाषिक दक्षिणेकडे, म्हणजे वालोनियात, तर ऑयपेनचे ग्रेन्त्स-एको जर्मन वाचकांसाठी आहे. बेल्गा ही वृत्तसंस्था दोन्ही भाषांत बातम्या पुरवते आणि डे टाइड व लेको ही दोन अर्थविषयक दैनिके एकाच प्रकाशन संस्थेची आहेत, पण हे अपवाद झाले.

या विभागणीचे मूळ केवळ भाषेत नाही, ते राजकारणातही आहे. एखाद-दुसरा अपवाद सोडला तर येथील पक्षच भाषेनुसार वेगळे आहेत, आणि संसदेसाठी ल्यूवेनचा मतदार फ्रेंच भाषिक लीज शहरातल्या पुढाऱ्याला मत देऊ शकत नाही. ज्यांच्याकडून मत मिळणार नाही, त्यांच्या वाहिनीवर जाऊन उत्तरे देण्याची पुढाऱ्याला गरज वाटत नाही, आणि जो पुढारी आपला नाही, त्याच्याबद्दल प्रेक्षकालाही फारशी उत्सुकता नसते. बार्ट डे वेव्हर हे सध्याचे पंतप्रधान. 2009 च्या सुमारास एका फ्लेमिश, म्हणजे फ्लांडर्समधल्या, दूरदर्शन प्रश्नमंजूषेत ते आपल्या हजरजबाबीपणामुळे घराघरांत पोहोचले आणि 2010 च्या निवडणुकीत त्यांचा पक्ष फ्लांडर्समध्ये पहिला आला. फ्रेंच भाषिक घरांत मात्र तो कार्यक्रम लागतच नव्हता. तेथे त्यांची ओळख होती ती देश तोडू पाहणारा नेता एवढीच. त्या निवडणुकीनंतर सरकार बनायला 541 दिवस लागले. त्याची कारणे अनेक होती, परंतु दोन्हीकडचे मतदार एकाच वाटाघाटीच्या दोन वेगवेगळ्या कहाण्या रोज रात्री ऐकत होते, हे त्यातले एक महत्त्वाचे कारण आहे, असे माझे ठाम मत आहे.

याचे सर्वांत बोलके उदाहरण 13 डिसेंबर 2006 चे आहे. त्या रात्री आरटीबीएफने चालू कार्यक्रम थांबवून विशेष बातमीपत्र सुरू केले आणि फ्लांडर्सने एकतर्फी स्वातंत्र्य जाहीर केल्याचे व राजा देश सोडून गेल्याचे सांगितले. नेहमीचा वृत्तनिवेदक, राजवाड्यासमोर उभा असलेला बातमीदार, नव्या सरहद्दीवर अडवलेली ट्राम, असे सगळे तपशील त्यात होते. सुमारे अर्ध्या तासाने, मंत्र्यांच्या आग्रहावरून, हे काल्पनिक असल्याची पट्टी पडद्यावर झळकली. तोवर असंख्य प्रेक्षक हादरून गेले होते. देशाच्या भवितव्यावर चर्चा घडवून आणणे, हा आपला हेतू होता, असे निर्मात्यांचे म्हणणे होते. मला त्यातली एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते: व्हीआरटी लावून पाहिली असती, तर तेथे नेहमीचे कार्यक्रम शांतपणे चालू असलेले दिसले असते. दूरनियंत्रकाची एक कळ दाबण्याइतके ते सोपे होते, पण बहुतेक घरांत ती कळ दाबण्याची सवयच नव्हती.

आता दुसऱ्या प्रश्नाकडे येते. इंग्रजीत द ब्रसेल्स टाइम्स आहे, व्हीआरटीचे इंग्रजी पानही आहे, आणि सुरुवातीच्या महिन्यांत संप, रेल्वे, करविषयक बदल यांसाठी त्यांचा चांगला उपयोग होतो. परंतु ही माध्यमे मुख्यतः बाहेरून आलेल्यांसाठी लिहितात. तुमचे शेजारी, मुलांचे शिक्षक आणि नगरपालिकेतले कर्मचारी काय वाचून मत बनवतात, ते त्यांतून कळत नाही. शिवाय त्यांत युरोपीय संघाच्या बातम्यांचा इतका भरणा असतो की, बेल्जियम म्हणजे युरोपीय संघाची कार्यालये आणि त्यांभोवतीचे शहर, असा समज व्हावा.

तुमच्या बाबतीत सर्वांत आधी प्रश्न येईल तो शाळेचा. ल्यूवेनला शाळा डच माध्यमाची असेल, ब्रसेल्समध्ये डच किंवा फ्रेंच यांतून निवड करावी लागेल, आणि या दोन व्यवस्था वेगवेगळ्या सरकारांच्या आहेत. 2022 पासून फ्रेंच शाळांनी वेळापत्रकच बदलले: वर्ष ऑगस्टच्या अखेरीस सुरू होते, शरद ऋतूतली आणि कार्निव्हलची सुट्टी दोन-दोन आठवड्यांची असते. डच शाळा मात्र पूर्वीप्रमाणेच 1 सप्टेंबरला सुरू होतात आणि या दोन्ही सुट्ट्या एकेका आठवड्याच्या असतात. एका बाजूच्या शिक्षकांचा संप दुसऱ्या बाजूच्या बातमीपत्रात जेमतेम उल्लेखापुरता येतो. मुलगा ज्या भाषेच्या शाळेत जाईल, त्या भाषेचे बातमीपत्र घरात रोज लागले पाहिजे, ही गोष्ट मी ऐच्छिक मानत नाही.

मुलांसाठी व्हीआरटीच्या केटनेट वाहिनीवर कार्रेव्हीट हे बातमीपत्र असते. त्यात मुलांच्या वयाला साजेसे विषय सोप्या, स्पष्ट डचमध्ये सांगतात, आणि भाषा शिकणाऱ्या मोठ्यांनाही ते तितकेच उपयोगी पडते. मोठ्यांसाठी व्हाब्लीफ्त हे साप्ताहिक मुद्दाम सोप्या डचमध्ये लिहिलेले असते. फ्लेमिश वाहिन्या परदेशी चित्रपट मूळ भाषेत ठेवून खाली उपशीर्षके देतात, तर फ्रेंच वाहिन्या ते बहुधा फ्रेंचमध्ये भाषांतरित आवाजासह दाखवतात. इंग्रजी कळणाऱ्या मुलांना फ्लेमिश उपशीर्षकांमधून लिखित डच नकळत वाचायला मिळते.

आमच्या घरी संध्याकाळी सात वाजता व्हीआरटीचे आणि साडेसात वाजता आरटीबीएफचे बातमीपत्र लागते. वेळा अशा लागोपाठ आहेत की, जेवणाची तयारी आणि जेवण यांत दोन्ही ऐकून होतात. सुरुवातीला सगळे समजणार नाही, तरी पहिल्या तीन बातम्या कोणत्या आणि त्यांना किती वेळ दिला, एवढेच लक्षात ठेवा. जून 2024 च्या निवडणुकीच्या रात्री आम्ही दोन पडद्यांवर दोन्ही वाहिन्या शेजारी शेजारी लावल्या होत्या. एकीकडे फ्लेमिश राष्ट्रवादी पक्षांपैकी पहिला कोण, याची चर्चा चालली होती, तर दुसरीकडे वालोनियात समाजवाद्यांना मागे टाकून उदारमतवादी पुढे कसे गेले, याची. एका पडद्यावर तासभर ज्यांची नावे घेतली जात होती, ती माणसे दुसऱ्या पडद्यावर क्वचितच दिसत होती. ब्रसेल्सपुरते पाहायचे तर डच बाजूचे ब्रुझ आणि फ्रेंच बाजूचे बीएक्स-1 ही दोन्ही स्थानिक माध्यमे पाहा, कारण रस्ते, ट्राम आणि घरभाडे यांच्या बातम्या तेथेच मिळतात.

सलग पाच वर्षे कायदेशीर वास्तव्य झाल्यावर भारतीय नागरिकालाही नाव नोंदवून आणि ठरलेले निवेदन देऊन नगरपालिकेसाठी मतदान करता येते. मागची निवडणूक ऑक्टोबर 2024 मध्ये झाली आणि ती दर सहा वर्षांनी होते, म्हणजे वास्तव्य पुरेसे लांबले तर हा हक्क प्रत्यक्षात येऊ शकतो.

ल्यूवेन घेतलेत तर डच हीच दैनंदिन भाषा राहील आणि आरटीबीएफ ठरवून, वेळ काढून पाहावी लागेल. ब्रसेल्स घेतलेत तर नोंदणीच्या वेळीच नगरपालिकेचा पत्रव्यवहार फ्रेंचमध्ये हवा की डचमध्ये, असे विचारतील. मुलांच्या शाळेची भाषा त्याआधी ठरवून ठेवा आणि तेथे तीच सांगा, म्हणजे शाळेची आणि नगरपालिकेची पत्रे घरातल्या एकाच माणसाला वाचता येतील.