लोणारचा लेख वाचायला घेण्याआधी

प्रिय मित्रा,

अनेक आशीर्वाद. मराठी विकिपीडियावरचे लेख वाचून त्यांचं ध्वनिमुद्रण करायचं ठरवलंस, आणि पहिला लेख ‘लोणार सरोवर’ निवडलास. निवड छान आहे, पण थोडी अवघडही.

विकिपीडियावरचा मजकूर कोणीही, केव्हाही बदलू शकतो. तुझं वाचन मात्र त्या दिवशीच्या मजकुरापाशीच थांबतं. २०२०च्या मे महिन्यात कोणी लोणारवरचा लेख वाचून ठेवला असता, तर जूनमध्ये पाणी गुलाबी झाल्याचा त्यात उल्लेख नसता. त्याच वर्षी सरोवर रामसर यादीत, म्हणजे जगातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत गेलं, तेही नसतं. उल्का आदळून झालेल्या ज्या विवरात हे सरोवर आहे, त्याचं वय पूर्वी सुमारे ५२ हजार वर्षं मानत. २०१०च्या सुमारास आर्गॉन कालमापनानं, म्हणजे खडकातल्या आर्गॉन वायूवरून वय काढण्याच्या पद्धतीनं, ते साडेपाच लाखांच्या पुढे गेलं. म्हणून लेखाचं नाव सांगितल्याबरोबर ‘अमुक तारखेची आवृत्ती’ हे बोलायचंच. पुढे कोणाला नव्यानं वाचावंसं वाटलं, तर त्याला कळेल कुठून फरक पडलाय.

वाचताना चूक सापडली तर तोंडानं दुरुस्त करू नकोस. आधी संदर्भ देऊन लेख सुधार, जतन कर, मग तीच आवृत्ती वाच. ऐकणाऱ्याला पानावरचं हवंय, तुझं मत नको. (तुझी मतं मला पत्रातून कळव, मला आवडतात.)

यंत्र लेख वाचून दाखवतंच की, असं कोणी म्हणेल. पण ‘चार’मधला च आणि ‘चारा’तला च वेगळा, हे त्याला बरेचदा समजत नाही. अलेक्झांडर नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं लोणारची नोंद १८२३ मध्ये केली. ते ‘अठराशे तेवीस’ असंच वाच, ‘एक हजार आठशे’ नको. संदर्भांचे आकडे गाळ. तक्ता आला तर ‘इथे तक्ता आहे’ एवढं सांगून पुढे जा.

पंखा बंद, कुकर उतरलेला, खिडकी लावलेली. ऑडॅसिटी या ध्वनिमुद्रणाच्या सॉफ्टवेअरमध्ये मुद्रण सुरू केलंस की सुरुवातीचे पाच-सहा सेकंद गप्प बस. खोलीची घरघर काढून टाकायला तेवढा नमुना पुरतो. आवाजात नाट्य आणू नकोस. निवेदकाचा थाट दहा मिनिटांनी ऐकवत नाही.

आणखी एक, जे आधीच माहीत असलेलं बरं. फाइल विकिमीडिया कॉमन्सवर, म्हणजे विकिपीडियाच्या चित्र-ध्वनींच्या सामायिक भांडारात जाते, ती क्रिएटिव्ह कॉमन्स या खुल्या परवान्यानं. श्रेय देऊन आणि तोच परवाना ठेवून कोणीही ती कापेल, जोडेल, अगदी विकेलसुद्धा. ‘माझा आवाज’ म्हणून नंतर तक्रार करता येणार नाही. पटत नसेल तर खुशाल राहू दे, त्यात कमीपणा नाही.

पटलं, तर आधी फक्त पहिले दोन परिच्छेद वाचून मला पाठव. माइक फार जवळ होता हे पूर्ण लेख वाचून झाल्यावर कळलं, तर सगळं पुन्हा वाचावं लागेल.

तुझा,
काका