वाचकांचे प्रश्न : प्राध्यापक निवडीला न्यायालयात आव्हान

प्रश्न : राज्यातील एका विद्यापीठात सहायक प्राध्यापकपदासाठी मी मुलाखत दिली. मी सेट (प्राध्यापकपदासाठीची राज्यस्तरीय पात्रता परीक्षा) उत्तीर्ण आहे, पीएच.डी. झालेली आहे आणि नऊ वर्षे तासिका तत्त्वावर शिकवतो आहे. माझी मुलाखत पाच मिनिटांत आटोपली. ज्यांची निवड झाली त्यांचे पीएच.डी. मार्गदर्शकच निवड समितीत विषयतज्ज्ञ म्हणून बसले होते. छाननी यादीत मात्र त्या उमेदवाराचे गुण माझ्यापेक्षा कमी होते. मला न्याय मागता येईल का?
— एक वाचक, मराठवाडा

उत्तर : मागता येईल. विद्यापीठ ही कायद्याने स्थापन झालेली संस्था असल्यामुळे तिच्या निवडीविरुद्ध संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयाच्या आपल्या विभागाच्या खंडपीठात रिट याचिका दाखल करता येते. विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाचा मार्ग आपल्या उपयोगाचा नाही, कारण तेथील अपील सेवेत असलेल्या आणि बडतर्फी किंवा पदावनती झालेल्या कर्मचाऱ्यासाठी आहे.

परंतु ‘मी अधिक लायक होतो’ या मुद्द्यावर याचिका उभी करू नका. दलपत आबासाहेब सोळुंके विरुद्ध बी. एस. महाजन या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले आहे, की निवड समितीच्या निर्णयावर अपील ऐकणे आणि उमेदवारांची तुलनात्मक गुणवत्ता तपासणे हे न्यायालयाचे काम नाही; समितीची रचना बेकायदा असेल, कार्यपद्धतीत निवडच दूषित करणारी उघड चूक असेल किंवा दुष्ट हेतू सिद्ध होत असेल, तरच हस्तक्षेप होतो. नऊ वर्षे तुटपुंज्या मानधनावर राबलेल्या माणसाला हे ऐकताना काय वाटत असेल याची मला कल्पना आहे. तरीही खरी परिस्थिती सुरुवातीलाच कळलेली बरी, म्हणजे पैसा आणि उमेद चुकीच्या मुद्द्यावर खर्च होत नाही.

छाननीच्या गुणांचेच पाहा. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 2018 च्या विनियमांतील तक्त्यात पीएच.डी.ला 30, नेटला (राष्ट्रीय पात्रता परीक्षा) 5 आणि सेटला 3 गुण आहेत. अध्यापनाच्या अनुभवाला वर्षाला 2 गुण असले तरी कमाल मर्यादा 10 आहे. म्हणजे आपला अनुभव पूर्णपणे ग्राह्य धरला गेला, तरी पाच वर्षांनंतरची चार वर्षे त्या तक्त्यात मोजलीच जात नाहीत. शिवाय त्याच तक्त्याखाली म्हटले आहे, की हे गुण केवळ मुलाखतीला बोलावण्यासाठी असून अंतिम निवड मुलाखतीवरच होईल. केरळात कन्नूर विद्यापीठातील मल्याळमच्या सहयोगी प्राध्यापकपदाबाबत संशोधनाचे गुण कमी असलेल्या उमेदवाराला मुलाखतीनंतर पहिला क्रमांक मिळाला होता; एकसदस्यीय पीठाने 2022 मध्ये फेरविचाराचा आदेश दिला, पण तो द्विसदस्यीय पीठाने 2023 मध्ये रद्द केला. महाराष्ट्रात शासनाने अलीकडे शैक्षणिक गुण आणि मुलाखत यांचे प्रमाण ठरवून दिलेले असल्यामुळे, आपल्या जाहिरातीला कोणता निकष लागू होता हे आधी तपासा. भरती सुरू झाल्यावर निकष मध्येच बदलला असेल, तर तेजप्रकाश पाठक प्रकरणातील सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाचा नोव्हेंबर 2024 चा निकाल आपल्या बाजूने उभा राहतो : मूळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल, तर खेळाचे नियम मध्येच बदलता येत नाहीत. बदलाची मुभा असली, तरी तो बदल मनमानी असून चालत नाही.

आता मार्गदर्शकांचा मुद्दा. पक्षपात प्रत्यक्ष झाला हे सिद्ध करावे लागत नाही, त्याची वाजवी शक्यता पुरते, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाच्या 1969 च्या क्रायपाक निकालापासून रुजले आहे. तथापि एकेका विषयात तज्ज्ञ मोजकेच असल्यामुळे केवळ गुरुशिष्याच्या नात्यावर विसंबणे धोक्याचे आहे. त्याहून मोठी अडचण अशी, की आपण त्यांना समोर बसलेले पाहिले आणि तरीही मुलाखत दिली. डॉ. जी. सराना विरुद्ध लखनौ विद्यापीठ या 1976 च्या प्रकरणातील प्राध्यापकांनीही तज्ज्ञांबद्दलची हरकत निकाल विरोधात गेल्यानंतरच घेतली, आणि त्याच कारणाने त्यांचे म्हणणे फेटाळले गेले. मुलाखतीपूर्वी त्याच दिवशी दोन ओळींचा अर्ज आवक विभागात देऊन पोच घेतली असती, तर आज चित्र वेगळे असते. नाते आपल्याला नंतर कळले असेल, तर ते कधी व कसे कळले हे याचिकेत तारखेसह लिहा. मीता सहाय प्रकरणातील 2019 च्या निकालाचाही आधार आहे : उमेदवार मुलाखतीला बसला म्हणजे त्याने कार्यपद्धती मान्य केली, तिच्यातली बेकायदा गोष्ट नव्हे.

म्हणून निवड समितीच्या रचनेचा शोध घ्या. गणपूर्तीला किमान चार सदस्य लागतात आणि त्यांत दोन बाहेरील विषयतज्ज्ञ असलेच पाहिजेत. अर्जदारांपैकी कोणी अनुसूचित जाती, जमाती, इतर मागासवर्ग, अल्पसंख्याक, महिला किंवा दिव्यांग या प्रवर्गातील असेल आणि समितीतील कोणीही त्या प्रवर्गातील नसेल, तर तशा प्रवर्गातील शिक्षणतज्ज्ञाची नेमणूक आवश्यक असते. माहिती अधिकारात समितीचे इतिवृत्त, उपस्थितीपत्रक, तज्ज्ञांची मंजूर नामिका (यादी), बिंदुनामावली (आरक्षणनिहाय पदांचा तक्ता) आणि गुणतक्त्याची साक्षांकित प्रत मागा. शक्य तिथे मूळ कागदाची पाहणीही मागा, कारण खाडाखोड, वेगळ्या शाईतला आकडा किंवा सुटलेली सही मूळ कागदावर जशी दिसते तशी झेरॉक्सवर दिसत नाही. उत्तराची मुदत 30 दिवसांची आहे. नकार आल्यास पहिले अपील करा. मात्र सगळे कागद हाती येईपर्यंत याचिका लांबवू नका, कारण दरम्यान निवडलेली व्यक्ती रुजू होते आणि विलंब आपल्यावरच उलटतो. त्या व्यक्तीला याचिकेत प्रतिवादी करायला विसरू नका. तिला ऐकून घेतल्याशिवाय तिची नेमणूक रद्द होत नाही.

यशस्वी झालात तरी न्यायालय सहसा आपल्याला थेट नेमत नाही, तर नव्याने निवड करण्याचा आदेश देते. तेवढ्यासाठी लढायचे का, हा निर्णय आपला. समितीच्या रचनेत दोष सापडला, तर जरूर लढावे असे मला वाटते.

प्रश्न : मी उमेदवार नव्हते. आमच्या विद्यापीठात ज्यांना नेमले त्यांच्याकडे नेट, सेट, पीएच.डी. यांपैकी काहीच नाही. मला काही करता येईल का?
— एक प्राध्यापिका, पुणे

उत्तर : होय. अपात्र व्यक्तीने सार्वजनिक पद धारण केले असल्यास ‘कोणत्या अधिकाराने’ असा जाब विचारणारी अधिकारपृच्छा याचिका अन्य नागरिकही करू शकतो. म्हैसूर विद्यापीठातील इंग्रजीच्या एका नेमणुकीविरुद्धचे प्रकरण याच मार्गाने 1963 मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी तेथे तज्ज्ञांच्या मताचा मान राखत नेमणूक कायम ठेवली, परंतु याचिकेची कसोटीही घालून दिली : नेमणूक वैधानिक तरतुदींच्या विरुद्ध असली पाहिजे. आपल्या प्रकरणात जाहिरातीची तारीख महत्त्वाची आहे, कारण 1 जुलै 2023 पासून सहायक प्राध्यापकपदासाठी नेट किंवा सेट ही किमान अर्हता ठरली असून पीएच.डी. ऐच्छिक झाली आहे. जाहिरातीच्या दिवशी कोणता विनियम लागू होता हे पाहून मगच वकिलांकडे जा.