रिमांड, हवाली आणि अहवाल

‘अल्पवयीन मुलाची बालसुधारगृहात रवानगी’ ही बातमी वाचून एका वाचकाने विचारलं आहे: बालसुधारगृह म्हणजेच रिमांड होम का? आणि ‘रिमांड’ला चांगला मराठी शब्द कोणता?

पहिल्याचं उत्तर: नाही. मे २०२४मध्ये पुण्यात पोर्शेचा अपघात झाला, तेव्हा महिनाभर हा शब्द कानावर आदळत होता. त्यातला अल्पवयीन मुलगा होता निरीक्षणगृहात. २०१५च्या बाल न्याय कायद्याप्रमाणे चौकशी चालू असेपर्यंत ठेवतात ते निरीक्षणगृह, म्हणजेच पूर्वीचं रिमांड होम. गुन्हा केल्याचं ठरल्यावर बाल न्याय मंडळ पाठवतं ते विशेषगृह, तेही जास्तीत जास्त तीन वर्षं. चौकशी संपायच्या आधीच ‘सुधार’ म्हणायचं म्हणजे पोरगं बिघडलेलं आहे हा निकाल बातमीदारानेच देऊन टाकायचा.

आता रिमांड. कायद्याच्या कोशांनी याला ‘प्रतिप्रेषण’ म्हटलं आहे. हा शब्द पार्सलला शोभेल, पोराला नाही. शिवाय त्यात मूळ अर्थ निसटला आहे. लॅटिनमध्ये ‘मानुस’ म्हणजे हात आणि ‘दारे’ म्हणजे देणे (आपल्या ‘दान’चाच सख्खा). दोन्ही मिळून ‘मांदारे’, हाती सोपवणे. आणि हे सांगणारा शब्द मराठीत कधीचा आहे: हवाली करणे!

‘हवाला’ अरबी. त्याचा ह-व-ल हा धातू बदलण्याचा, एकाकडून दुसऱ्याकडे जाण्याचा. त्यातून किल्ला ज्याच्या हवाली तो हवालदार. हिंदीतली कोठडी, ‘हवालात’, हे हवालाचंच अनेकवचन. त्याच धातूचा ‘हाल’ म्हणजे स्थिती, आणि हालचं अनेकवचन ‘अहवाल’! परिवीक्षा (प्रोबेशन) अधिकारी मुलाच्या घरी जातो, शाळा, सोबती, बापाचं काम सगळं पाहून मंडळापुढे सामाजिक तपास अहवाल ठेवतो, तो शब्दशः त्या पोराचे हाल सांगणारा कागद असतो. माझं ठाम मत आहे की बाल न्यायाची अख्खी भाषा या एका धातूवर उभी करता येईल.

काही जण ‘हवालदिल’ही याच कुळात घालतात, हवालदार दिसला की माणूस हवालदिल होतो म्हणून. साफ चूक. तो ‘हौल’ म्हणजे धास्ती, अधिक दिल. अरबीत त्याचा ‘ह’सुद्धा वेगळ्या अक्षराचा आहे. व्युत्पत्ती कानाने लावणाऱ्यांनी निदान लिपी तरी पाहावी.

‘शब्दांनी काय फरक पडतो’ म्हणणाऱ्यांसाठी: २००७च्या बाल न्याय आदर्श नियमांनी मुलांच्या बाबतीत अटक, आरोपी, आरोपपत्र, खटला, कोठडी या अर्थाचे शब्द वापरायला मनाई केली होती. त्या यादीत ‘रिमांड’ही होता. २०१५च्या कायद्याच्या तिसऱ्या कलमातही दोषारोप करणारे शब्द नकोत हे तत्त्व आहे. तरी आपण ‘आरोपी’ लिहितो, ‘रिमांड होम’ म्हणतो, आणि जामीन झाला की मुलाला आईबापांच्या ‘ताब्यात’ देतो. ताबा जमिनीचा घेतात, जप्त गाडीचा घेतात. पोर आईच्या हवाली करतात.